आचार्य नादवर्मांचा परिचय

श्यामकांत पिंपळापुऱ्यांचा आवाज गेला, तेव्हा चौबे कॉलोनीतल्या त्यांच्या घरापेक्षा आमच्या छत्तीसगडातल्या मराठी मंडळात जास्त धावपळ उडाली. तीस वर्षं मंडळाच्या प्रत्येक कार्यक्रमात माइकवर तेच. आधी बोटानं माइक दोनदा ठोकायचा, मग हजेरीवहीतली सगळी नावं वडिलांच्या नावासकट वाचायची, आणि आपलं नाव आलं की लोकांनी शाळेतल्यासारखं 'हजर' म्हणायचं. लोक वैतागायचे, पण एखादं नाव राहिलं तर घरी येऊन भांडायचे. गळ्याचं ऑपरेशन झालं, कुजबुजण्यापलीकडे बोलायचं नाही असं डॉक्टरांनी बजावलं, आणि दुसऱ्याच दिवशी उपाध्यक्ष दिवाकरराव सफरचंदं घेऊन आले. सिलतऱ्याच्या कारखान्यात भोंग्याच्या वर आवाज काढून त्यांची नोकरी झालेली. माइकचं आता आपण बघू, असं ते फार प्रेमानं म्हणाले.

श्यामकांतांना ते सफरचंद गोड लागलं नाही. माइक गेला की मंडळात आपण कोण, तर मागच्या खुर्चीतला एक म्हातारा, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. त्यात 'विस्मृत विभूती' हा वार्षिक कार्यक्रम तोंडावर आलेला. दरवर्षी लोकांनी विसरलेला एक थोर माणूस शोधायचा, त्याच्या फोटोला हार घालायचा आणि परिचय वाचायचा. कॉम्प्युटरमधून यंदा कोणी बघून ठेव, असं त्यांनी नात गंधालीला सांगितलं. गंधालीला मराठी सगळं कळायचं, उत्तर मात्र हिंदीत. ती होकाराचं 'हव' म्हणाली आणि विसरून गेली.

चार दिवसांनी तिच्या टेबलावर कागद सापडले. 'आचार्य नादवर्मा : जीवन और विरासत'. वर पेन्सिलीनं काढलेलं चित्र, डोक्याला फेटा, नाक चांगलं ठसठशीत. नादगढ राज्याचे संस्थापक, पहिले महामंत्री, नादविद्येचे जाणकार. एक स्वर लावून त्यांनी किल्ल्याची भिंत उभी केली. पुरात वाहून गेलेल्या प्रजेला एकेकाचं पूर्ण नाव घेऊन हाक मारली, आणि सगळे पाण्यातून चालत परत आले. श्यामकांतांना यात खटकण्यासारखं काही दिसलं नाही. थोरांच्या परिचयात त्यांनी याहून मोठे चमत्कार माइकवरून वाचले होते. छत्तीसगडात संस्थानं तरी किती होऊन गेली, एखादं आपल्याला ठाऊक नसायचं. शेवटचं पान नव्हतं, पण थोर माणसं शेवटी वारतातच. दुपारभर बसून त्यांनी सगळं मराठीत उतरवलं, चित्राला फ्रेम करून घेतली आणि दीडशे घरी पत्रिका वाटल्या.

हा माणूस कोण, असं कोणी विचारलं नाही. विचारायचं म्हणजे आपल्याला माहीत नाही हे कबूल करायचं, आणि आमच्या मंडळातला माणूस जीव देईल पण तेवढं करणार नाही. दिवाकररावांनी तर फोन करून सांगितलं की त्यांच्या आजोबांनी नादवर्मांचं भाषण समोर बसून ऐकलं होतं.

कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी पत्रिका गंधालीच्या हाती पडली. तिचा चहा सांडला. मैत्रिणींसोबत ती कॉम्प्युटरवरचा एक खेळ तयार करत होती. त्यातलं जग तिनंच रचलेलं, आणि त्या जगातलं पहिलं राज्य ज्यानं उभं केलं तो हा नादवर्मा.

"आजोबा, ये आदमी है ही नहीं," ती म्हणाली. "मैंने बनाया है."

श्यामकांतांनी पत्रिका तिच्या हातातून काढून घेतली. खरं सांगावं तर माइक आजच दिवाकररावांकडं जाणार. शिवाय दिवाकररावांच्या आजोबांचं काय करायचं, हा वेगळाच प्रश्न. शेवटी त्यांनी मराठी कागद तिच्यापुढं सरकवले.

"तू वाच," ते कुजबुजले. "मले आवाज नाही राहिला."

गंधाली चारचौघांत मराठीचं एक वाक्य कधी बोललेली नव्हती. आपल्याच्यानं होणार नाही, असं तिनं सांगून टाकलं. मग काय वाटलं कोण जाणे, आत जाऊन शेवटचं पान घेऊन आली. आजोबांना न दाखवता त्याची घडी केली आणि पर्समध्ये ठेवली.

संध्याकाळी हॉल भरला. गंधालीनं बोटानं माइक दोनदा ठोकला, तशा पहिल्या रांगेतल्या शांताबाई सवयीनं सावरून बसल्या. हिंदीच्या चालीवर, अडखळत, ती मराठी वाचत गेली. भिंत उभी राहिली, पूर ओसरला, लोकांनी माना डोलावल्या. दिवाकरराव दर दोन वाक्यांनी 'बरोबर' म्हणत होते. मग तिनं घडीचं पान उघडलं आणि त्यातलं हिंदी मनात मराठीत फिरवत पुढं गेली.

म्हातारपणी नादवर्मांचा आवाज गेला, तिनं वाचलं. रोज सकाळी ओसरीत उभं राहून ते घरच्यांना पूर्ण नावानं उठवायचे, ते बंद पडलं. नातीला आधी बरंच वाटलं, झोपायला मिळतं म्हणून. मग एक दिवस ती उन्हं वर आल्यावर उठली आणि तिला रडू आलं, कारण तिला कोणी बोलावलंच नव्हतं.

श्यामकांतांच्या हातातला रुमाल खाली पडला. 'गंधाली यशोधन पिंपळापुरे, उठा' ही हाक चौबे कॉलोनीतल्या अख्ख्या गल्लीनं वर्षानुवर्षं ऐकली होती. पानंच्या पानं मराठीत उतरवली, पण ती आपल्यावरच लिहिलेली आहेत हे त्यांच्या ध्यानात आलं नव्हतं.

दिवाकररावांनी वहीत नोंद करायला पेन काढलं आणि पुण्यतिथी विचारली.

"ते गेले नाहीत," गंधाली म्हणाली. "फक्त आवाज गेला आहे. नादगढमधे कायदा आहे. ज्याचा आवाज जातो, त्याचं नाव दुसऱ्यानं घ्यायचं."

तिनं कागद खाली ठेवला.

"श्यामकांत विनायक पिंपळापुरे."



"हजर," श्यामकांत कुजबुजले. ते शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं.

दिवाकरराव उठले. फोटोपाशी जाऊन त्यांनी हार काढला आणि टेबलावर ठेवला. जिवंत माणसाच्या फोटोला हार घालत नाहीत, एवढं त्यांनाही कळत होतं. मग ते माइककडे वळले. आता हा घेतो, असं सगळ्यांना वाटलं. त्यांनी स्टँड उचलून श्यामकांतांच्या खुर्चीपुढं आणला, माइक त्यांच्या तोंडापर्यंत खाली केला आणि हजेरीवही मांडीवर ठेवली.

"आमचे आजोबा सांगायचेच," ते म्हणाले, "अगदी हळू बोलायचे म्हणून. घ्या, पुढचं नाव घ्या."