पांढरी भिंत

लेकीचं बाळंतपण उरकून घरची थोरली सून गाडीतून उतरली आणि आपल्याच घराची मागची भिंत बघून जागच्या जागी थबकली. भिंत निळी! वर शिडाची जहाजं, तोफा, व्यापारी, आणि हातभर उंचीची अक्षरं: ‘आमच्या खाडीचा इतिहास’. समोर खुर्च्या मांडलेल्या, पाहुणे बसलेले, माईक खरखरतोय. आणि माईकपाशी कोण? तिचा सख्खा धाकटा दीर. गावच्या मच्छीमार सोसायटीचा अध्यक्ष झाल्यापासून या माणसाचे पाय जमिनीला लागत नव्हते.

आता भिंतीला रंग दिला तर एवढं काय बिघडलं, असं तुम्ही विचाराल. ऐका तर मग. ही खाडी विळ्यासारखी. दोन बाजूंना खडकांचे हात, मध्ये अरुंद तोंड, आणि त्या तोंडातच कोंबडी बसलेली. कोंबडी म्हणजे खडक. भरतीला पाण्याखाली दडून बसतो आणि वरून जाणाऱ्या बोटीचं पोट फाडतो. थोरलीच्या आजेसासऱ्यांचा भाऊ तिथेच गेला. तेव्हा आजेसासऱ्यांनी समुद्राकडची ही भिंत पांढरीफटक केली. टेकडीवरची पाण्याची टाकी भिंतीच्या बरोबर डोक्यावर दिसली की बोट वाटेवर; जरा बाजूला सरकली की कोंबडी जवळ आली म्हणून समजावं. घराचं छप्पर गळलं तरी चालेल, पण दर वर्षी भिंत पांढरी झालीच पाहिजे, असा त्या घराचा नेम होता. खाडीचा इतिहास म्हणाल तर हाच. बाकी सगळ्या थापा.

चित्रात खाडीचा नकाशाही होता. तोंड चांगलं ऐसपैस, आणि कोंबडीच्या जागी एक हसरा डॉल्फिन!

‘‘भाऊजी, कुणाला विचारून केलंत हे?’’ थोरली खुर्च्यांमधून वाट काढत पुढे आली.

‘‘वहिनी, भिंत दोघांची आहे.’’ दिराने माईकवर हात धरला. ‘‘पाहुण्यांसमोर तमाशा नको. हल्ली सगळं फोनवर दिसतं. भिंतीकडे बघतंय कोण?’’

‘‘आपली पोरं बघतात! तुमचा आणि माझा, दोघं एकाच बोटीवर आहेत. आज परत यायचेत. ते गेले तेव्हा भिंत पांढरी होती.’’

‘‘माझ्या मुलाकडे चांगला भारीतला फोन आहे.’’

‘‘आणि खाडीच्या तोंडावर दिवा लावणार होतात, त्याचं काय झालं? खांब आला. दिवा कुठे गिळलात?’’

एक पाहुणा फिस्सकन हसला. गावकरी मात्र मिठाची गुळणी धरून बसले होते. धक्क्यावरचे गाळे अध्यक्षच वाटतो, मग त्याच्याशी वाकडं कोण घेणार? थोरलीला त्यांचाच जास्त संताप आला. मेल्यांनो, तुमच्या बोटी नाहीत का?

दर वर्षीचा चुना वाळेपर्यंत पांढरा दिसत नाही, एवढं तिला कळत होतं. म्हणून तिने रंगाऱ्याची पांढऱ्या रंगाची बादली आणि ब्रश उचलला आणि पहिला फटकारा डॉल्फिनच्या थोबाडावर मारला.

‘‘वहिनी!’’ दिराने येऊन ब्रश हिसकावला. ‘‘डोकं फिरलंय का तुमचं?’’

तेवढ्यात मागून कुणीतरी ओरडलं, ‘‘बोट आली!’’

बोट आली होती, पण आत येत नव्हती. खाडीच्या तोंडाबाहेर उजवीकडे जात होती, मग डावीकडे. सूर्य बुडायला टेकलेला, वारा मागून रेटणारा. कोंबडी भरतीत दडलेली.

‘‘येईल, येईल,’’ दीर म्हणाला. ‘‘फोन आहे त्याच्याकडे. पाहुण्यांना आधी जाऊ दे, मग बघू.’’

पाहुण्यांना जाऊ दे! थोरली दुसरा ब्रश शोधायला लागली.

पहिल्या रांगेतून धाकटी जाऊ उठली. बाई आयुष्यात कधी नवऱ्यापुढे चकार शब्द बोलली नव्हती. ती सरळ आली, नवऱ्याच्या हातातला ब्रश काढून घेतला, बादलीत बुचकळला आणि जहाजांवर फिरवायला लागली.

‘‘अगं, काय करतेस? आठ दिवस लागलेत या चित्राला!’’

‘‘पोराला नऊ महिने लागले होते,’’ ती म्हणाली.

थोरलीने दुसरा ब्रश घेतला. रंगारी शिडी लावून वर चढला. मग खुर्च्या सरकल्या, हळूहळू एकेक गावकरी उठला. कुणी फडकं घेतलं, कुणी झाडू.

अक्षरं गेली, तोफा गेल्या. भिंत बरीचशी पांढरी झाली तेव्हा बोटीने तोंड वळवलं आणि टाकीची रेघ धरून सरळ आत शिरली.

दीर धावत धक्क्याकडे निघाला.

‘‘तुम्ही कुठे?’’ धाकटी म्हणाली. ‘‘तुम्ही पाहुण्यांना पोचवा. पोराला मी आणते.’’