सूर्यमाशाच्या कडेवरची खाच

संग्रहालयाला सुट्टी होती, त्यामुळे मोठ्या दालनात दोघीच होत्या. भाची शिडीवर, मावशी खाली शिडी धरून. वर तारांना सूर्यमासा टांगलेला, उभ्या माणसाहून उंच. "याचा मागचा भाग कुठे गेला?" असं विचारल्याशिवाय आजवर कोणी त्याच्याखालून पुढे गेलं नव्हतं.

मेलेल्या प्राण्यांची कातडी भरून त्यांना पुन्हा उभं करायचं, हे मावशीचं इथलं काम. तीस वर्षांपूर्वी हा जाळ्यात मरून आला, तेव्हा सोलायलाच आठवडा गेला. सुऱ्या बोथट झाल्या, खांदे भरून आले, तरी तिचं नवल सरेना. कातड्याखाली चार बोटं जाडीचा थलथलीत थर. पोटात हवेची पिशवी नाही, हा थरच त्याला तरंगवतो. दात जुळून झालेली चोच, कधी पुरती न मिटणारी. एवढं धूड आणि मणके जेमतेम सोळा. शेपटीचा तर पत्ताच नाही. वरचे आणि खालचे पर मागे येऊन एकमेकांना भेटलेले, आणि त्यांचंच सुकाणू झालेलं.

भाची सहा वर्षांची असताना इथेच उभी राहून विचारत होती, याचे नातेवाईक कोण? त्या प्रश्नाचा पिच्छा तिने पुढे सोडलाच नाही. आता ती माशांच्या वर्गीकरणाची अभ्यासक होती आणि उत्तर तिला तोंडपाठ होतं: हा अंग फुगवणाऱ्या केंड माशाचा भाऊबंद. सकाळीच तिने मावशीला भिंगाखाली सूर्यमाशाचं पिल्लू दाखवलं होतं. मोहरीएवढं, आणि चहूबाजूंनी काटे. मादीच्या पोटात कोट्यवधी अंडी, आणि त्यातला एखादाच काटेरी दाणा वाढून असा होतो. मावशीने भिंगावरचा डोळा काढला आणि पुन्हा लावला, कारण एकदा पाहून पटावं असं ते नव्हतंच.

भाचीचं मोजणं संपत आलं होतं. कपाळावर टेंगूळ नाही, मागची कड लाटांसारखी नागमोडी नाही. म्हणजे जुन्या ओळखीच्या दोन्ही जातींत हा बसत नव्हता. तिसरी एक जात शास्त्राला अगदी अलीकडे कळली होती. तिच्या शास्त्रीय नावाचा अर्थच 'लपलेली'. पण त्या जातीच्या मागच्या कडेला खाच असते, आणि इथे कड सलग होती.

"लहानपणापासून वाटायचं, हा कोणीतरी वेगळाच आहे," भाची वरून म्हणाली. "पण खाच नाही ना गं मावशी. कडेच्या लाटा वाळताना गेल्या असतील. नेहमीचाच म्हणून लिहून टाकते."

शिडी किंचित हलली.

मावशीच्या उस्तादांची शिकवण होती: फाटलेलं सांधायचं, सांधा दिसता कामा नये, आणि त्याची नोंद तर मुळीच करायची नाही. नोंद केली की कारागिरी उघडी पडते. हा मासा आला तेव्हा त्याच्या कडेला खाच होती. जाळ्याच्या दोरखंडाने कड तुटली असणार, असं धरून मावशीने ती खाच प्लास्टरने भरली आणि वर रंग दिला. उस्तादांनी बोट फिरवून सांधा शोधला, त्यांना सापडला नाही, तेव्हा त्यांनी स्वतःची कोरणी तिला दिली. तेव्हापासून हाताखालच्या प्रत्येकाला ती हाच मासा दाखवायची, काम असं करावं म्हणून. पुढच्या महिन्यात ती निवृत्त होणार होती आणि निरोप समारंभही याच माशाखाली ठरला होता.

गप्प बसली असती तर कोणाला कळणार होतं? झाकली मूठ सव्वा लाखाची. पण पोरगी वर खोटं लिहायला निघाली होती, आणि तेही मावशीच्या हातावर भरवसा ठेवून.

"लिहू नकोस," मावशी म्हणाली. "खाली ये. ती खाच मी बुजवली आहे."

भाची उतरली. मग तिने शिडी धरली आणि मावशी कुरकुरत्या गुडघ्यांनी वर चढली, हातात उस्तादांचीच कोरणी घेऊन. प्लास्टर हट्टी निघालं. तिनेच भरलेलं होतं ना. तासाभराने तुकडा सुटला.

खाली कातडं होतं. अखंड, आतल्या बाजूला हळुवार वळलेलं, ना चीर ना ओरखडा. फाटलेलं काही नव्हतंच. मावशीला लाज वाटली, पण ती नंतर. आधी नुसतं नवल वाटलं. समुद्राने हा पुरा घडवून पाठवला होता, आणि तिने त्याला दुरुस्त केलं होतं.

"ये, बघ," ती एवढंच म्हणाली.

भाची शिडीच्या दुसऱ्या बाजूने चढली आणि तिने त्या वळणावरून बोट फिरवलं. मग तिने हळूच विचारलं, अहवालात मावशीचा उल्लेख टाळला तर चालेल का.

मावशीने खाली येऊन टेबलावरची एक कोरी चिठ्ठी घेतली आणि दोऱ्याने त्या तुकड्याला बांधली. आयुष्यात पहिल्यांदाच तिने सांध्याची नोंद केली. तारीख घातली, सही केली आणि समारंभाच्या दिवशी तुकडा माशाखालीच मांडायला सांगितला. चिठ्ठीवर लिहिलं होतं: हा तुकडा माशाचा नाही. माझा आहे.