अम्मीची ओळख

शिरूरच्या कॉलेजात इंग्रजी शिकवणाऱ्या डॉ. अनिस शेख यांनी उमेदीची सगळी वर्षं इंग्रजांच्या साहित्यातून त्यांच्या घरादारांचा इतिहास शोधण्यात घालवली होती. त्यांचं नवं पुस्तक तिथल्या नोकरमाणसांवर होतं. कादंबऱ्यांत पानोपानी चहा आणून ठेवणाऱ्या, पण ज्यांचा चेहरा कुणी लिहिलाच नाही अशा माणसांवर. कॉलेजनं सत्कार ठेवला म्हणून राहू गावाहून त्यांची आई शहाबानो आली. तिचा सगळा जन्म शेतात खपण्यात गेलेला. नव्या साडीतही तिचे भेगाळलेले हात लपत नव्हते.

पुण्याच्या पाहुण्यांनी दारातच विचारलं, "या कोण?"

"घरी कामाला असतात," अनिसच्या तोंडून निघून गेलं. आपण काय बोललो हे कळेपर्यंत पाहुणे पुढं गेले होते. अम्मीनं नुसता पदर सारखा केला.

सभागृहात ती पहिल्या रांगेत बसली. चहाचा ट्रे तिच्यासमोरून न थांबता पुढं गेला. मग अनिसच्या सहकारी, अम्मीला चांगलं ओळखणाऱ्या शितल मॅडम आल्या आणि त्यांनी रिकाम्या खुर्चीवर ठेवावी तशी आपली पर्स तिच्या मांडीवर ठेवली. अनिस भाषणात अडखळले. तरी त्या चेहरा नसलेल्या माणसांबद्दल ते बोलत राहिले, लोक टाळ्या वाजवत राहिले, आणि शरमेनं त्यांची मान खाली खाली जात राहिली.

कार्यक्रम संपल्यावर अम्मीला पुढं करून त्यांनी शितल मॅडमना सांगितलं, ही माझी आई. मॅडमनी इकडंतिकडं पाहिलं आणि हसून म्हणाल्या, "त्यांनाही आणायचं होतं हो आज."

भीमेचा पूल ओलांडेपर्यंत अनिस गाडीत माफी मागत होते. अम्मी बाहेरच्या उसाकडं बघत होती.

राहूला बहिणीनं, सुमैयानं, दार उघडलं. तिनं भावाच्या मागं पाहिलं, मग गाडीकडं पाहिलं.

"अम्मी कुठंय, भाई?"

अनिसनी अम्मीचा हात घट्ट धरला. तो उबदार होता, नेहमीसारखाच खरबरीत. "ही काय," ते म्हणाले. सुमैया त्यांच्या आवळलेल्या मुठीकडं बघत राहिली.

अम्मीनं हात हळूच सोडवून घेतला आणि उंबऱ्यापासून मागं सरकली.

"साहेब," ती खालच्या आवाजात म्हणाली, "त्या दारातल्या बाईंना इचारा, मी पायरीवर बसले तर चालंल का."