परवानगीने नव्हे

खुर्ची दुरुस्तीला आली की ताई आधी ती उलटी करायची. खालचं कापड उसवून आत काय कोंबलंय ते बघितल्याशिवाय ती कुणाला हो म्हणत नसे. तडजोडीचा मसुदाही तिने असाच वाचला, शेवटच्या पानाकडून.

वरकरणी सगळं ठीक होतं. वडील गेल्यावर धाकट्या भावाने घराच्या ताब्यासाठी तिच्यावर दावा लावला होता. आता रस्त्याकडचं दुकान आणि राहायला मागची खोली तिला, बाकी घर त्याला, असं ठरलं होतं. पण मधेच एक ओळ घुसवलेली होती: बहीण आजवर या घरात भावाच्या परवानगीने राहत होती.

"रीत असते हो नुसती," तिचा वकील म्हणाला. "दुकान मिळतंय ना तुम्हाला?"

"मिळतंय. पण ही ओळ खोटी आहे."

"खरं-खोटं कोण बघतंय आता?"

"मी बघतेय की."

भाऊ परगावी नोकरी करत होता, तेव्हा वडिलांची बोटं आखडली होती. सोफ्यांच्या स्प्रिंगा ताणून बांधणं, काथ्या भरणं, कापड चढवणं, सगळं ताईनेच ओढलं. भाऊ घरी परतला तेव्हा दार उघडलं होतं तेही तिनेच. आणि परवानगी म्हणे त्याची.

कोर्टात न्यायाधीशांनी रिवाजाप्रमाणे विचारलं, "कागद वाचलात? समजला? खुशीने सही करताय?"

"वाचला, समजला. खुशी मात्र नाही, साहेब."

वकिलाने कपाळाला हात लावला.

"खुशी नसेल तर मी मंजुरी देणार नाही," न्यायाधीश म्हणाले. "बाहेर बसून बोला. जेवणाच्या सुट्टीनंतर या."

बाहेरच्या बाकावर भाऊ तिच्याशेजारी धपकन बसला. "ताई, एका ओळीसाठी अडून बसलीस?"

"एका ओळीसाठीच. बाकी सगळं मान्य आहे."

"अगं, मी सगळ्यांना सांगून बसलोय, बहिणीला आसरा दिला म्हणून. माझी काय शोभा राहील?"

"सांगायच्या आधी बहिणीला विचारायचंस."

भावाने मग खडा टाकून पाहिला. "काढतो ओळ. पण मग दुकान माझं. तू मागच्या खोलीत काम कर, गल्लीतून ये-जा कर. बघ, जमतंय का."

"गिऱ्हाईक गल्लीत फिरकणार नाही," वकील तिच्या कानात पुटपुटला.

ते तिला कळत होतं. कापडाचा रंग जुळवायला सकाळचा उजेड फक्त पुढच्या काचेतून यायचा, हेही ठाऊक होतं. तिने पदराने चेहरा पुसला.

"घे दुकान," ती म्हणाली. "पण ओळ नुसती खोडायची नाही. तिच्या जागी लिहायचं, बहीण या घरात स्वतःच्या हक्काने राहत आली आहे."

भावाचा चेहरा उतरला. ती दुकान सोडेल हे त्याने धरलंच नव्हतं. त्याचा वकील म्हणाला, "घ्या पदरात पाडून. नाहीतर वर्षानुवर्षं खेटे घालाल." आता भावाला मागे फिरायला तोंड उरलं नव्हतं.

सुट्टीनंतर न्यायाधीशांनी नवी ओळ वाचून दाखवली. "मान्य?"

"मान्य," भाऊ खाली बघत म्हणाला.

"ऐकू आलं नाही."

"मान्य आहे." मागच्या बाकांवरच्या लोकांनीही ते ऐकलं.

"आणि तुम्ही? खुशीने?"

"आता खुशीने." तिने पूर्ण नाव लिहून सही केली.

दुसऱ्या दिवशी कामाचं टेबल गल्लीच्या दारातून आत जाईना. आडवं करून पाहिलं, तिरकं करून पाहिलं. शेवटी ताईने पटाशी घेतली आणि दाराची चौकट उचकटायला सुरुवात केली. आवाजाने भाऊ वरच्या खिडकीत आला.

"अगं ताई, चौकट काय काढतेस? कुणाला विचारलंस?"

ताईने मान वर केली नाही. एक खिळा निघाला होता, तिने दुसऱ्याला हात घातला.