बसून दिलेलं मत

पार्लमेंटच्या सभागृहात सभासद जास्त आणि बाकं कमी, ही गोष्ट लँबर्ट पर्फॉयला नवी नव्हती. एरवी तिचा त्रास होत नसे, कारण एरवी निम्मे सभासद शिकारीला गेलेले असत आणि उरलेल्यांतले निम्मे पत्त्यांच्या अड्ड्यावर. पण त्या दिवशी अमेरिकेतल्या वसाहतींवर बसवलेला कर उठवण्याचा ठराव येणार होता आणि जो तो आला होता. म्हणून लँबर्ट बैठकीआधीच्या प्रार्थनेलाच जाऊन बसला. देवावरचं प्रेम उफाळून आलं होतं असं नव्हे. प्रार्थनेला जो लवकर येई त्याला मनाजोगती जागा मिळे, आणि लँबर्टला भिंतीकडेची जागा मिळाली. पाठ टेकायला भिंत, दाराकडचा गार वारा लागायचा नाही आणि पाय ताणायला पुढं वीतभर मोकळं. पार्लमेंटात निवडून आल्यापासून इतकं मोठं यश त्याच्या पदरात पडलं नव्हतं.

सभागृहात शिरण्यापूर्वी बाहेरच्या मोठ्या दालनात त्याला जोसाया थ्रप भेटला होता. जोसाया हा अ‍ॅशमिअर गावचा टोप्या करणारा कारागीर, आणि अ‍ॅशमिअर हा लँबर्टचा मतदारसंघ. दोघांचं नातं त्याहून जुनं होतं. लँबर्टची आई नाजूक प्रकृतीची, त्यामुळे त्याला जोसायाच्या आईनं अंगावर पाजलं होतं. चारचौघांत जोसाया त्याला 'साहेब' म्हणे. एकटे असले की दूधभावाला म्हणावं तसं म्हणे.

"लँबर्ट, मत देशील ना?"

"मत काय विचारतोस! अरे, आज माझं भाषण आहे. अर्धं सभागृह रडेल."

"रडू दे. रडण्यानं काहिली पेटत नाहीत."

काहिली म्हणजे लोकर उकळायच्या त्याच्या मोठमोठ्या तांब्याच्या कढया. अ‍ॅशमिअरच्या निम्म्या टोप्या अमेरिकेला जात. कर बसला तसा वसाहतींतल्या लोकांनी हट्टच धरला, की विलायतेची टोपी डोक्याला लावायची नाही. मागण्या बंद झाल्या, काहिली थंड पडल्या. कर उठला नाही तर जोसायाला कारखाना मोडावा लागणार होता.

"दूधभावावर एवढासुद्धा विश्वास नाही?" लँबर्ट म्हणाला.

"विश्वास आहे रे. पण आई सांगायची, पोट भरलं की तुला हलवून जागं करावं लागे."

"आईनं काय काय सांगून ठेवलंय तुला! जा वर, सज्ज्यात बस आणि ऐक."

जोसाया सज्ज्यात जाऊन बसला आणि खाली चर्चा सुरू झाली.

चर्चा कर्जाची होती. फ्रान्सशी लढाई झाली, लढाईला पैसा लागला, तो सरकारनं उसना घेतला आणि आता नुसत्या व्याजातच तिजोरी निम्मी रिकामी होत होती. पहिले वक्ते म्हणाले, हे कर्ज म्हणजे देशाच्या मानेवरचं जोखड आहे, ते वसाहतींनीही ओढलं पाहिजे. दुसरे वक्ते म्हणाले, छे, कर्ज हीच देशाची खरी श्रीमंती, जितकं जास्त तितकी जगात पत मोठी. तिसऱ्यांनी दोघांचंही खरं असल्याचं सिद्ध केलं आणि त्यांना सर्वांत जास्त टाळ्या पडल्या. सरकारला पैसे कोणी उसने दिले, याविषयी मात्र कोणी बोललं नाही. बोलणार कसं? सरकारी रोखे बहुतेकांच्या घरच्या कपाटात होते. व्याज देणारा देश आणि व्याज खाणारा देश असे दोन देश होते. चर्चा पहिल्याच्या नावानं चालली होती, पण सभागृहात दुसराच बसला होता.

मेणबत्त्या लागल्या तेव्हा लँबर्टची पाळी आली. तो सुरेख बोलला, हे कबूल केलं पाहिजे. समुद्रापलीकडची आपलीच लेकरं, आईनं लेकरांच्या खिशात हात घालणं, थंड पडलेल्या चुली, रिकामे बसलेले कारागिरांचे हात, सगळं त्यानं डोळ्यांपुढं उभं केलं. बोलता बोलता त्याचा आवाज भरून आला. सज्ज्यात जोसायानं टोपी काढून डोळे पुसले. लँबर्टनं ते पाहिलं आणि आणखी एक वाक्य वाढवलं. मग तो खाली बसला, पाठ भिंतीला टेकवली आणि पाय ताणले.

मत द्यायची तिथली रीत अशी होती. ठराव ज्यांना हवा त्यांनी उठून बाहेरच्या खोलीत जायचं आणि जे आहे तेच ज्यांना चालू ठेवायचं त्यांनी जागेवर बसून राहायचं. मग गेलेले मोजायचे आणि बसलेले मोजायचे. मोजणीपूर्वी पाहुण्यांना सज्ज्यातून बाहेर काढत, म्हणून जोसाया जिना उतरून गेला. सभापतींनी पुकारा केला. कर उठवा म्हणणारे उठू लागले.

लँबर्टही उठणार होता. अर्धा उठलाही होता. तेवढ्यात त्याचं लक्ष गेलं, की दाराशी उभे असलेले चार-पाच धष्टपुष्ट सभासद कोणाची जागा रिकामी होते यावर टपून आहेत. एक लठ्ठ जमीनदार तर सरळ त्याच्या भिंतीकडेच पाहत होता. बाहेर गेलं की जागा गेली. पुढं अजून बंदरांच्या डागडुजीची चर्चा होती, म्हणजे ती उभ्यानं ऐकायची. लँबर्टनं मनाशी म्हटलं, सावकाश उठू, गर्दी ओसरू दे. मग म्हटलं, ठराव काय, असाही मंजूर होईल. मग म्हटलं, असाही पडेल. एवढ्यात दार बंद झालं.

मोजणारे बाकांमधून आले आणि लँबर्ट पर्फॉय करवाल्यांत मोजला गेला.

ठराव पडला. थोडक्यात नव्हे, चांगला सणसणीत पडला. तत्त्वासाठी किती बसले आणि बाकासाठी किती, हे कोणी मोजलं नाही. तशी तिथली पद्धत नाही.

जोसायाला बातमी दारावरच्या शिपायांच्या हसण्यातून कळली. रडून दाखवणारा पर्फॉय जागचा हलला नाही, यावर त्यांची करमणूक चालली होती. लँबर्ट बाहेर आला तेव्हा जोसाया खांबापाशी उभा होता.

"साहेब," तो म्हणाला. आसपास कोणी नव्हतं, तरी म्हणाला.

"जोसाया, हे बघ, हे तुला वाटतं तितकं सोपं नाही." लँबर्टला बोलता बोलताच सुचू लागलं आणि जसजसं सुचलं तसतसं त्याला ते पटत गेलं. "कर उठवला तर व्याज कशातून द्यायचं? व्याज थकलं तर सरकारची पत जाईल. पत गेली तर व्यापार बुडेल. व्यापार बुडाला तर तुझ्या टोप्या घेणार कोण?"

"आत्ता कोण घेतंय?"

"तू आजचं पाहतोस. मी शंभर वर्षांचा विचार केला."

"बाकावर बसल्या बसल्या?"

"आणि माझ्या एकट्याच्या मतानं ठराव थोडाच मंजूर होणार होता?"

"मग माझ्या एकट्याच्या काहिलींनी तरी देशाचं कर्ज कुठं फिटणार होतं? त्या तेवढ्या चालू द्यायच्या होत्यास." जोसायानं टोपी घातली. "भाषण छान झालं. माझ्या कारागिरांना म्हणून दाखवीन. पोट भरणार नाही, पण वेळ जाईल."

तो गेला. लँबर्टला वाईट वाटलं आणि ते वाईट वाटणं चांगलं दोन-चार पावलं टिकलं. कारण तेवढ्यात प्रधानांचे खास गृहस्थ क्रिस्पिन लव्हडे हात पसरून समोर आले.

"पर्फॉयसाहेब! काय धैर्य म्हणायचं हे! ज्या बाजूनं बोललात तिच्या विरुद्ध मत? भावना एकीकडे आणि देशहित एकीकडे! प्रधानांचे डोळे भरून आले हो."

"मी फक्त माझ्या विवेकाशी प्रामाणिक राहिलो," लँबर्ट म्हणाला.

"पण हे लोकांपुढं यायला हवं. एक पुस्तिका लिहा ना! छपाईचं आमच्याकडे लागलं."

लँबर्टनं पुस्तिका लिहिली. त्या काळी विद्वान माणूस स्वतःच्या नावानं लिहीत नसे, एखाद्या जुन्या रोमन पुढाऱ्याचं नाव खाली घाले. लँबर्टनंही घातलं आणि ते आपणच असल्याचं तीन कॉफीगृहांत सांगून ठेवलं. पुस्तिकेत त्यानं सिद्ध केलं की जो राज्यकर्ता टाळ्यांनी हलत नाही तोच खरा राज्यकर्ता. हलण्यावर त्यात एक सबंध प्रकरण होतं. लोकांनी ते वाचलं, त्यावर वाद घातले, दोघांनी त्याला उत्तरंही लिहिली. इतक्या शहाण्या माणसांनी एका बैठकीचा इतका खोल अर्थ लावल्याचं दुसरं उदाहरण मिळणं कठीण. पुढं लँबर्टला खजिन्यात एक पदही मिळालं. त्या पदाला पगार होता. काम काय होतं, ते आधीच्या अधिकाऱ्यालाही आठवत नव्हतं.

अडचण एवढीच होती, की सरकारी पद घेतलं की सभासदत्व सुटे आणि आपल्या गावी जाऊन पुन्हा निवडून यावं लागे. म्हणून वसंतात लँबर्ट अ‍ॅशमिअरला आला. खानावळीत त्यानं मतदारांसाठी गोमांस भाजायला लावलं, बिअरची पिंपं आणवली आणि जेवणाआधी देशाच्या कर्जावर बोलला. बेकार कारागिरांनी शांतपणे ऐकून घेतलं, कारण मांसाचा वास येत होता. जेवल्यावर बहुतेकांनी मत द्यायचं कबूल केलं. त्यांना दोष कसा द्यावा? बऱ्याच दिवसांत त्यांना कोणी दुसरं काही दिलंच नव्हतं.

जोसाया जेवायला आला नव्हता. गावातले उरलेले कारागीर काय करायचं ते त्याच्याकडे पाहून ठरवत, म्हणून लँबर्ट त्याच्या कारखान्यावर गेला. काहिली चुलाण्यांवरून उतरवून विकल्या होत्या. जोसाया मधोमध गुडघे टेकून टोप्यांचे लाकडी साचे एका पेटीत रचत होता.

"हे काय?" लँबर्टनं विचारलं.

"निघालो. ब्रिस्टलहून जहाज आहे. पोरंबाळं पुढं गेली."

"कुठं?"

"जिथं टोप्या लागतात तिथं. विलायतेची टोपी त्यांना नको. मी तिकडेच करीन म्हणतो."

"अरे, पण तिकडे तर कर भरावा लागेल तुला!"

"हो, ऐकलंय. तुझी पुस्तिका वाचली मी. वाचल्यावर ठरवलं, की तिकडचे लोक भरत नाहीत ते बरोबरच करतात. मीही नाही भरणार."

या माणसाच्या आईनं आपल्याला जगवलं, हे लँबर्टला आठवलं. आपण काहीतरी म्हणायला हवं, असंही वाटलं. मग तो म्हणाला, "जोसाया, जहाज केव्हा सुटतं? मतदान गुरुवारी आहे. मत देऊन गेलास तर..."

जोसायानं मान वर केली. बराच वेळ तो दूधभावाकडे पाहत राहिला. रागावला नाही. राग यायलाही समोर थोडंतरी माणूस असावं लागतं. त्यानं पेटीचं झाकण लावलं, भोवती दोर फिरवला आणि त्याचं एक टोक लँबर्टच्या हातात दिलं.

"धर," तो म्हणाला. "घट्ट ओढ. साचे हलता कामा नयेत."

लँबर्टनं दोर ओढून धरला. जोसाया गाठी मारत राहिला, एकीवर एक, अगदी निवांत. खानावळीकडून कोणीतरी हाका मारत आलं, पर्फॉयसाहेब, लोक घरी चाललेत, लवकर चला. लँबर्टनं आशेनं जोसायाकडे पाहिलं.

"सोडू नकोस," जोसाया म्हणाला. "आणखी एक पेटी आहे."