कडेवरच्या रेषा

माझ्या कपाटात, साड्यांच्या खाली, फुटक्या काचेचा एक तिकोनी तुकडा आहे. सुनेने तो दोनदा टाकायला काढला आणि दोनदा मी केरातून परत आणला. आता ती काही म्हणत नाही, नुसती भुवई उडवते. तिला त्याची गोष्ट कधी सांगितली नाही. सांगायला बसले की मला वडलांच्या हातांना येणारा जवसाच्या तेलाचा वास येतो, आणि गोष्ट राहूनच जाते.

माझे वडील काचवाले होते. दारांना, खिडक्यांना, कपाटांना काचा बसवायचे. खडूची पूड आणि जवसाचं तेल मळून लांबी करायचे, काच चौकटीत टेकवायची, बाहेरच्या बाजूने कडेला लांबीचा पट्टा द्यायचा आणि पट्टीसारख्या बोथट सुरीने एका ओढीत तो गुळगुळीत करायचा. ही लांबी वाळायला दोन-तीन आठवडे लागतात. तोवर ती कणकेसारखी मऊच असते. हे लक्षात ठेवा, कारण ह्या मऊ लांबीपायी आमच्या घरावर गदा आली.

बाबांना एक सवय होती. फुटकी काच दिसली की त्यांचा हात आधी झाडूकडे जायचा. घरमालक काय सांगतोय, चहा घेणार का विचारतोय, काही ऐकायचे नाहीत. आधी खिडकीबाहेरचं झाडायचे, मग आतलं, आणि सगळं एका पोत्यात. पोत्यावर खडूने त्या घराची खूण करायचे, कारण एकदा कुणाच्या केरात अंगठी निघाली होती आणि ती नेमकी कुणाची ते शोधायला चार दिवस दारोदार फिरावं लागलं होतं. काच कारखान्याची गाडी महिन्यातून एकदा यायची. तोवर खुणा केलेली पोती मागच्या अंगणात ओळीने उभी असायची. आई म्हणायची, "लोक अंगणात फुलझाडं लावतात. आमच्याकडे हे पीक."

मी तेव्हा वीस वर्षांची होते. ज्या शाळेत मी शिकले, त्याच शाळेच्या प्रयोगशाळेच्या तीन खिडक्यांना बाबांनी एका गुरुवारी नव्या काचा बसवल्या. रविवारी सकाळी शाळेच्या मोठ्या बाई, म्हणजे मुख्याध्यापिका, काही कामासाठी आल्या आणि त्यांना मधल्या खिडकीची काच फुटलेली दिसली. सोमवारी मुली येणार, कुणाच्या पायात जायला नको, म्हणून त्यांनी लगेच बाबांना निरोप धाडला. बाबा गेले. झाडलं, पोतं बांधलं, दुसरी काच बसवली आणि दहाच्या आत घरी आले.

रविवार असूनही मोठ्या बाईंनी बोलावल्यावरून अकरा वाजता विज्ञानाच्या बाई प्रयोगशाळेत गेल्या. शाळेचा पितळी सूक्ष्मदर्शक जागेवर नव्हता.

हवालदारांना सगळा उलगडा पाच मिनिटांत झाला. ते आमच्या दारात उभे राहून, शेजाऱ्यांना ऐकू जाईल अशा बेताने म्हणाले, "खिडकी बसवली कुणी? तू. लांबी ओली आहे हे माहीत कुणाला? तुला. आणि सकाळी जाऊन पुरावा स्वतःच्या हाताने झाडून आणला कुणी? तूच. चल."

बाबांनी आयुष्यात कुणाशी वाद घातला नव्हता. ते चपला घालून निघाले. दिवसभर चौकीतल्या बाकावर बसवून संध्याकाळी त्यांना घरी सोडलं, ते मंगळवारी दहा वाजता पुन्हा हजर व्हायच्या बोलीवर. तेव्हा अटकच होणार, असं हवालदारांनी जाता जाता सांगितलंही.

अटकेपेक्षा वाईट गोष्ट सोमवारी सकाळी कळली. आठच्या आत तिघांचे निरोप आले. एकीकडे पाहुणे आले होते, दुसरीकडे काच तूर्त नको होती, तिसऱ्याने कारणसुद्धा दिलं नाही. काचवाल्याला लोक थेट झोपायच्या खोलीपर्यंत नेतात, कधी त्याला एकट्याला घरात ठेवून बाहेरही जातात. त्याच्या हाताइतकंच त्याच्या नावावर त्याचं पोट असतं. बाबा अंगणात पोत्यांकडे बघत बसले होते. आई एकदाही रागावली नाही. त्याचीच मला जास्त भीती वाटली.

नऊच्या सुमारास दारात एक किडकिडीत गृहस्थ आले. साधा सदरा, काखेत छत्री, गळ्यात काळ्या दोरीला अडकवलेलं भिंग. ते तपासाचे साहेब होते, वरच्या कचेरीतून आलेले. गावात त्यांना भिंगसाहेब म्हणत. तोंडावर नाही, अर्थात.

"काचवाले आपणच?" त्यांनी विचारलं. "मला एक गोष्ट करून दाखवाल का? गुरुवारी बसवलेली एखादी काच आहे इथे?"

अंगणात एका कपाटाचं दार टेकवून ठेवलं होतं. त्याची काच त्याच गुरुवारी बसवलेली.

"समजा, आवाज न करता तुम्हाला ही काढायचीय. कशी काढाल?"

बाबांनी माझ्याकडे पाहिलं, मग साहेबांकडे. खिशातून सुरी काढली. चार कडांवरून चार ओढी, लांबीचा पट्टा शेवयीसारखा सुटून आला, आणि काच त्यांच्या हातात. मला नीट श्वास घ्यायलाही वेळ मिळाला नाही.

साहेब हसले. "ज्याला कडी काढता येते, तो दार कशाला फोडेल?"

"अहो, हेच मी कालपासून मनात म्हणतेय!" आई आतून बाहेर येत म्हणाली. "पण ह्या घरात आणि त्या चौकीत बाईला विचारतंय कोण?"

"मी विचारतोय ना वहिनी. पण हा झाला नुसता तर्क. समोरचा म्हणेल, संशय येऊ नये म्हणून मुद्दाम फोडली. मला हातात धरता येईल असं काहीतरी हवं." ते बाबांकडे वळले. "काच आत जास्त पडली होती की बाहेर?"

बाबांचा चेहरा पडला. "बघितलंच नाही साहेब. आधी बाहेरचं झाडलं, मग आतलं. फुटकी काच दिसली की माझा हात झाडूकडेच जातो."

"म्हणजे सगळं एकत्र."

"एकत्र. पण दुसऱ्या कुणाच्या काचेत नाही हं." बाबांनी ओळीतल्या शेवटच्या पोत्याकडे बोट केलं. त्यावर खडूने लिहिलं होतं, 'शाळा, मधली खिडकी'.

साहेबांनी छत्री खाली ठेवली. जमिनीवर पडलेला दागिना दिसावा तसे ते त्या पोत्याकडे बघत होते.

मग आम्ही ती काच पुन्हा जुळवली. आईने जुनी चादर अंथरली, साहेबांनी बाह्या सरसावल्या आणि आम्ही चौघं चादरीभोवती मांडी घालून बसलो. बाहेरची बाजू ओळखणं सोपं होतं, कारण लांबीचा बोटभर रुंद पट्टा फक्त बाहेरूनच असतो आणि कडेच्या तुकड्यांना तो चिकटलेलाच होता. बाबांच्या उजव्या अंगठ्यावर जुन्या जखमेचा आडवा व्रण होता. कोपऱ्यातल्या लांबीवर तो व्रणसुद्धा उमटला होता.

"ही सहीच झाली की," साहेब म्हणाले.

"चुकीच्या कागदावर," बाबा म्हणाले. दोन दिवसांत पहिल्यांदाच ते स्वतःहून काही बोलले.

तासाभरात काच उभी राहिली. म्हणजे आडवीच, पण पूर्ण. फक्त वरच्या उजव्या कोपऱ्याजवळ रुपयाएवढं भोक उरलं होतं आणि तिथून सगळीकडे चिरा गेल्या होत्या. साहेबांनी भोकापासून निघालेल्या एका चिरेचा तुकडा उचलायला हात पुढे केला. त्याच क्षणी त्याच तुकड्याकडे बाबांचाही हात गेला. दोघं थांबले.

"तुम्हाला माहीत आहे?" साहेबांनी विचारलं.

"तुम्हाला?" बाबांनी विचारलं.

मला त्या क्षणी काही कळलं नाही. साहेबांनी तुकडा माझ्या हातात दिला आणि फुटलेल्या कडेवर भिंग धरलं. कडेवर बारीक बारीक रेषा होत्या, वाऱ्याने पाण्यावर उठतात तशा. पण सरळ नव्हत्या. काचेच्या एका पृष्ठाला त्या ताठ उभ्या टेकत होत्या, आणि दुसऱ्या पृष्ठाकडे जाता जाता वाकून आडव्या पडत होत्या.

"घाव जिकडून बसतो, तिकडे ह्या रेषा आडव्या पडतात," साहेब म्हणाले. "आम्हाला हे शिकवतात."

"आम्हाला कुणी शिकवत नाही," बाबा म्हणाले. "तीस वर्षं कडा हाताळल्या की कळतं. लोक सांगतात, बाहेरून चेंडू आला. मी कड बघतो आणि गप्प बसतो. बहुतेक घरांच्या काचा आतूनच फुटतात, साहेब."

"आणि ही?"

बाबांनी माझ्या हातातला तुकडा घेऊन लांबीची बाजू वर केली. कडेवरून बोट फिरवलं. त्या बाजूला रेषा ताठ उभ्या होत्या.

"आतून," ते म्हणाले. "साहेब, ही आतून फुटलीय. अरे देवा, मी कालच का नाही पाहिलं!"

"कारण काल तुम्ही घाबरला होता. घाबरलेला माणूस स्वतःची विद्या विसरतो."

आई उठून स्वयंपाकघरात गेली. आत भांडी जरा जास्तच जोरात वाजू लागली. ती रडताना नेहमी भांडी घासायची.

साहेब मात्र अजून त्या रुपयाएवढ्या भोकाकडे बघत होते. खिडकीतून कुणी आत आलंच नव्हतं, म्हणजे जो होता तो किल्लीने आला होता. आणि त्याने एवढ्या उंचावर, हात वर केला तरी पोचणार नाही अशा जागी, काच फोडली होती. कशाने?

शाळेत जाताना त्यांनी बाबांना आणि मलाही बरोबर घेतलं. मधली सुट्टी होती. मोठ्या बाईंनी बाबांकडे पाहून नजर खाली घातली. प्रयोगशाळेची किल्ली दोघांकडे असायची. एक मोठ्या बाईंकडे आणि दुसरी लॅबकाकांकडे. लॅबकाका म्हणजे तिथली भांडी, बाटल्या, उपकरणं सांभाळणारे वृद्ध सेवक. मी शाळेत असल्यापासून ते मला ओळखत. आज त्यांनी मला ओळख दाखवली नाही.

साहेबांनी मधल्या खिडकीसमोर उभं राहून वर पाहिलं. खिडकीच्या वर हवेसाठी एक झडप होती, आणि ती उघडायला-मिटायला कोपऱ्यात एक लांब काठी, टोकाला पितळी आकडा. साहेबांनी ती आडवी घेतली आणि आकड्याला भिंग लावलं. आकड्याच्या बेचक्यात काचेचा चुरा चमकत होता.

ते ओरडले नाहीत. घरातल्या मोठ्या माणसाला विचारावं तसं त्यांनी विचारलं, "काका, शनिवारी झडप कुणी लावली?"

लॅबकाका खालीच बसले. "मीच. काठी निसटली हो. काच फुटली आणि मी दचकून मागे सरलो, तर माझ्याच कोपराने सूक्ष्मदर्शक खाली. नळी वाकली. पस्तीस वर्षं सांभाळला मी तो. पुढच्या महिन्यात निवृत्ती. माझा मेव्हणा चष्मे करतो, त्याच्याकडे दिलाय. म्हटलं, सोमवारी सकाळी मुकाट्याने परत ठेवीन."

"आज सोमवारच आहे," साहेब म्हणाले.

"नळी अजून सरळ झाली नाही," लॅबकाका म्हणाले आणि पंच्याने तोंड झाकून रडायला लागले. "आणि काल ह्यांना धरून नेल्यावर तर माझी जीभच उचलेना."

सगळे बाबांकडे बघत होते. मला वाटलं, आता तरी ते काही बोलतील, दोन दिवसांचं सगळं बाहेर काढतील. मी त्यांच्या जागी असते तर काढलं असतं.

बाबा त्यांच्याशेजारी जमिनीवर बसले. "काका, काच आहे ती. फुटणारच. माझ्या घरी यायचं होतंत शनिवारी, मी गुपचूप बसवून दिली असती." मग थोडं थांबून म्हणाले, "पण काल यायला हवं होतंत. काल मला तुमची गरज होती."

त्यांनी एवढंच सुनावलं. लॅबकाकांना ते पुरलं असावं.

घरी आल्यावर बाबा तांब्याभर पाणी एका दमात प्याले आणि भर दुपारी गाढ झोपले. आई त्यांच्या उशाशी बसून वारा घालत होती आणि हळू आवाजात त्यांना बोल लावत होती. "झाडू म्हणे. पुन्हा न बघता झाडू हातात घेतलात तर बघाच." तिचं रागावणं परत आलं, तेव्हा कुठे मला धीर आला.

सूक्ष्मदर्शक मिळाला, मोठ्या बाईंनी माफी मागितली. पण तोंडातोंडी पसरलेली गोष्ट माफीने मागे फिरत नाही. बुधवारपर्यंत आमच्याकडे एकही निरोप आला नव्हता.

गुरुवारी चौकीतून शिपाई आला. आई दारातच थिजली. "काचवाल्यांना साहेबांनी बोलावलंय," तो म्हणाला. "चौकीची दर्शनी खिडकी फुटलीय. आत्ताच्या आत्ता यायला सांगितलंय."

मीही गेले. आठवड्याचा बाजार होता आणि चौकी बाजाराच्या तोंडाशी. भिंगसाहेब बाहेर खुर्ची टाकून बसले होते. येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "या काचवाले, या. आत एकटेच जा, कपाटं उघडीच आहेत. तुम्ही असल्यावर मला चिंता नाही." हवालदार शिडी धरून उभे होते. भाजी घेणारे, विकणारे, सगळे बघत होते. ज्याने कारण न देता नको म्हटलं होतं, तोही त्यांत होता.

बाबांचा हात झाडूकडे गेला आणि थांबला. त्यांनी खाली वाकून एक तुकडा उचलला. लांबीची बाजू पाहिली, कडेवरून बोट फिरवलं. मग साहेबांकडे पाहिलं. साहेब छत्रीची मूठ निरखत होते.

"काय झालं होतं साहेब?" बाबांनी विचारलं.

"कुणास ठाऊक. बाहेरून दगडबिगड आला असेल."

"असेल, असेल," बाबा म्हणाले. तुकडा त्यांनी माझ्या हातात दिला आणि झाडायला लागले.

संध्याकाळपर्यंत सात निरोप आले. रात्री जेवताना बाबा अचानक हसू लागले, इतके की त्यांना ठसका लागला. आईने पाठीवर थापट्या मारत विचारलं, "काय झालं ते तरी सांगा!"

त्यांना बोलवेना. त्यांनी नुसतं माझ्याकडे बोट केलं. मी तो तिकोनी तुकडा दिव्याजवळ धरून आईला कड दाखवली. लांबीच्या बाजूला रेषा ताठ उभ्या होत्या.