चार कांद्यांचा मिक्सर

मित्रांनो, दचकू नका. हा जो घरघराट ऐकू येतोय, तो माझाच. मी एक जुना मिक्सर आहे. कधीकाळी मी पांढराशुभ्र होतो, आता दुधाच्या चहासारखा दिसतो. आवाज मात्र अजून पहिल्यासारखाच आहे, म्हणजे कानठळ्या बसवणारा. मला हळू बोलता येत नाही आणि हळू बोलणाऱ्या यंत्रांवर माझा फारसा विश्वासही नाही.

माझा जन्म एका लांबलचक पत्र्याच्या कारखान्यात झाला. तिथे ओळीने बसलेल्या बायका आमच्या पोटात मोटार बसवायच्या आणि स्क्रू आवळायच्या. शेवटच्या टेबलावर एक चष्मेवाली बाई प्रत्येकाला एकदा चालू करून बघायची. तिने माझं बटण फिरवलं आणि ती खुर्चीतच उडाली. "अगं बाई, हा तर भांडायलाच आलाय!" असं म्हणत तिने हसत हसत माझ्या खोक्यावर शिक्का मारला. ते माझं पहिलं कौतुक. मला ते फार आवडलं.

मला विकत घेतलं एका कंपाउंडरांनी. डॉक्टरांनी लिहून दिलेली औषधं मोजून, मिसळून, बाटलीत भरून द्यायची, हे त्यांचं काम. त्यांचं घर दुसऱ्या मजल्यावर, दोन खोल्यांचं. स्वयंपाकघरात खिडकीला लागून ओटा आणि ओट्याच्या कोपऱ्यात, भिंतीला पाठ लावून मी. घरात कंपाउंडर, त्यांची बायको आणि एक लहान मुलगी. शिवाय येणारेजाणारे तर विचारूच नका. कुणाची आत्या यायची, कुणाचा मामा यायचा, आणि आला तो जेवल्याशिवाय जायचा नाही. मला दम घ्यायला फुरसत नसे.

माझी एक खोड इथेच सांगून टाकतो, कारण पुढचा सगळा घोळ तिच्यापायी झाला. माझं भांडं मोठं आहे आणि पाती जरा उंचावर आहेत. पाती बुडतील इतकं काही आत असलं तरच मी वाटतो. त्याहून कमी टाकलं की ते उडून भांड्याच्या कडांना चिकटतं आणि मी नुसताच रिकामा बोंबलत राहतो. बाईंना, म्हणजे कंपाउंडरांच्या बायकोला, हे पक्कं ठाऊक होतं. "याला कमी वाढलं की हा रुसतो," असं त्या म्हणायच्या आणि भांडं अर्धं तरी भरायच्याच. त्या घरात कमी वाटायची वेळच यायची नाही म्हणा.

मग मुलगी लग्न होऊन लांब गेली. इतकी लांब, की इथे सकाळ असली की तिच्याकडे संध्याकाळ. येणारेजाणारे हळूहळू कमी झाले. बाई आजारी पडल्या. शेवटी शेवटी त्यांना सगळं पातळ करूनच द्यावं लागे. ते मीच करून दिलं. एक दिवस तेही काम थांबलं.

कंपाउंडरांनी मला पुसलं, वायर गुंडाळली आणि माझ्यावर एक जुना टॉवेल टाकला. त्या टॉवेलखाली मी किती काळ होतो, ते मला सांगता येणार नाही. माणूस दोन हातांवर असायचा, त्याच्या कपबशीचा आवाज यायचा आणि त्याला माझं काही म्हणजे काही काम नसायचं. मित्रांनो, मला फार एकटं वाटायचं. भिंतीपलीकडे एक शिवणकाम करणाऱ्या बाई राहतात. त्याही एकट्याच. त्यांचं शिलाई मशीन दिवसभर टकटकत असायचं. मला त्या मशीनचा हेवा वाटायचा.

कंपाउंडर ब्रेड आणि चहावर दिवस काढायला लागले. फार तर डबाबंद खारट सूप. व्हायचं तेच झालं. रक्तदाब वाढला, पाय सुजले, डॉक्टरांनी खडसावलं. मीठ कमी करा, ताज्या भाज्या खा, नाहीतर मी जबाबदार नाही, असं सांगितलं. मुलीला कळल्यावर तिचा फोन आला. कंपाउंडरांना कमी ऐकू येतं, म्हणून फोन ओट्यावर ठेवून मोठ्या आवाजात बोलणं चालतं. मला सगळं ऐकू येतं.

"बाबा, नुसती पानं तुमच्या घशाखाली उतरणार नाहीत. सॅलडवर घालायला ड्रेसिंग करा. घरीच करा. बाजारच्या बाटलीत मीठ आणि साखरच जास्त."

"आयुष्यभर जखमांचं ड्रेसिंगच तर केलं मी," कंपाउंडर म्हणाले. "पण पाल्याला ड्रेसिंग करायची वेळ येईल असं वाटलं नव्हतं!"

ती हसली. मग तिने सगळं नीट सांगितलं. गोडे कांदे आणायचे, ते चपटे, फिकट, चिरताना रडवत नाहीत ते. पातळ चिरून, झाकण ठेवून, मंद आचेवर मऊ करायचे. पूर्ण गार होऊ द्यायचे, नाहीतर वाफेने झाकण उडतं. मग मिक्सरमध्ये थोडं व्हिनेगर, चमचाभर भिजवलेली मोहरी, मिरपूड. आणि मिक्सर चालू ठेवून, झाकणाचं मधलं बूच काढून, तेलाची बारीक धार सोडायची. कांदा मुळातच गोड, म्हणून साखर नको. व्हिनेगरच्या आंबटपणामुळे मीठ चिमूटभर पुरतं. आणि वाटलेला कांदा दाट होतो, म्हणून तेलही थोडंच लागतं.

टॉवेल निघाला. मला काय आनंद झाला म्हणून सांगू! पण भांड्यात काय पडलं? मऊ केलेला एक कांदा. एकच. मी जीव तोडून फिरलो, तर कांदा उडून कडांना चिकटला. कंपाउंडरांनी तो चमच्याने खाली ढकलला. मी पुन्हा बोंबललो, तो पुन्हा चिकटला. तेवढ्यात पलीकडून लाकडी पट्टीने भिंत ठोकल्याचा आवाज आला. ठक, ठक, ठक. शिवणवाल्या बाईंना माझा आवाज सहन झाला नव्हता.

"किती कांदे घेतलेत, बाबा?" मुलीने फोनवर विचारलं.

"एक. मी एकटाच तर आहे."

"चार घ्या," ती म्हणाली. "एका माणसापुरतं त्यात होत नाही."

"आणि चार कांद्यांचं खाणार कोण?"



दुसऱ्या दिवशी चार कांदे आले. या वेळी पाती बुडाली. तेलाची धार पडत गेली आणि आतलं सगळं सायीसारखं मऊ, दाट झालं. कंपाउंडरांनी बोट बुडवून चाखलं. "वा रे गड्या!" असं म्हणून त्यांनी माझ्या पाठीवर थाप मारली. त्या दिवशी त्यांनी ताटभर सॅलड संपवलं.

उरलेलं त्यांनी औषधाच्या जुन्या बाटल्यांत भरलं. उकळून ठेवलेल्या स्वच्छ बाटल्या, पण हाताची सवय जाते थोडीच! त्यांनी कागदाच्या पट्टीला कात्रीने खाचा पाडल्या आणि डोसाच्या खुणा करतात तशा प्रत्येक बाटलीवर चिकटवल्या. एक बाटली त्यांना पुरली. बाकीच्या चार-पाच दिवसांत आंबल्या आणि मोरीत ओतल्या गेल्या. मी केलेलं असं वाया जाताना बघून मला कसंतरीच झालं. पुढच्या वेळी तेच, त्याच्या पुढच्या वेळीही तेच. भिंतीवरची ठकठक मात्र चुकत नव्हती.

शेवटी कंपाउंडर एक ताजी बाटली घेऊन शेजारी गेले. "आवाजाचा त्रास होतो तुम्हाला. हे घ्या," एवढंच बोलले आणि बाई काही विचारायच्या आत माघारी फिरले. लाजाळू माणूस!

पुढे एक दिवस आमचं दार उघडं होतं, तेव्हा बाहेरून शिवणवाल्या बाईंचा आवाज आला.

"कंपाउंडर, तुमच्या औषधाला गुण आहे हो. मान दुखायची थांबली माझी."

"कुठलं औषध?"

"ते काय, कांद्याच्या वासाचं! एक खूण सकाळी, एक संध्याकाळी. रिकाम्या पोटी घेते मी, तोंड वाकडं न करता."

कंपाउंडरांना हसू फुटलं. "अहो, ते सॅलडवर घालायचं असतं!" असं म्हणत ते डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. त्यांना बाईंना हसायचं नव्हतं, मित्रांनो. बायको गेल्यापासून त्यांना हसूच आलं नव्हतं, ते एकदम आलं आणि आवरलं नाही. पण शिवणवाल्या बाईंना ते कसं कळावं?

"बाटली औषधाची, खुणा औषधाच्या आणि देणारा कंपाउंडर. मला काय स्वप्न पडणार होतं?" असं म्हणून त्यांनी दार धाडकन लावून घेतलं.

कंपाउंडर आत आले आणि ओट्यापाशी नुसते उभे राहिले. पुन्हा बाटली घेऊन जायची त्यांची हिंमत झाली नाही.

उरलेलं वाया जातं हे कळल्यावर मुलीने एक खोकं पाठवलं. त्यावर एकाच पेल्याचं चित्र होतं. "बाबा, हा एकट्या माणसासाठीचाच आहे. एक कांदा घाला, चालतो. आणि आवाज अजिबात नाही, शेजारच्यांची कटकट नको." तिने मायेनेच पाठवला होता, मी तिला बोल लावणार नाही. पण त्याच दिवशी कंपाउंडर स्टुलावर चढले आणि मी माळ्यावर गेलो. एका फुटक्या बादलीशेजारी.

माळ्यावर मी धूळ खात पडलो. ते छोटं यंत्र खाली गुणगुणायचं. कंपाउंडर एका कांद्याचं ड्रेसिंग करायचे आणि ओट्यापाशी उभ्याउभ्याच खायचे. ताटही घेत नसत. मग रोजचं दिवसाआड झालं. मग गुणगुण बंदच झाली. परडीतल्या कांद्यांना हिरवे कोंब फुटले. पुन्हा ब्रेडची पिशवी उघडल्याची कुरकुर ऐकू यायला लागली. डॉक्टरांकडे जायची तारीख त्यांनी चुकवली. मुलीला फोनवर ते "उत्तम आहे" म्हणायचे आणि ती बिचारी विश्वास ठेवायची. मी भंगारात गेलो तर जाईन, पण या माणसाचं काय होणार? मी वर, तो खाली, आणि मला ओरडताही येत नव्हतं.

एका सकाळी बेल वाजली. एकदा, दोनदा, मग बोट न काढता.

"आहात का?" शिवणवाल्या बाई होत्या.

"आहे की. काय काम आहे?"

"काम काही नाही. तुमचा मिक्सर ओरडला नाही बरेच दिवस. आधी बरं वाटलं. मग म्हटलं, मुलीकडे गेले असतील. पण काल खिडकीत दिवा दिसला. तेव्हापासून शिवणात लक्ष लागेना. सारखी मशीन थांबवून भिंतीला कान लावत होते."

"मुलीने नवा पाठवलाय. त्याला आवाज नसतो."

"जळलं मेलं ते आवाज नसलेलं यंत्र! माणूस आत धड आहे की नाही, हे शेजाऱ्याला कळायचं कसं?"

त्या आत आल्या. ओट्यावरचा ब्रेड बघितला, कोंब आलेले कांदे बघितले आणि त्यांचा आवाज एकदम खाली आला. "ते तुमचं औषध संपलं माझं."

"अहो, ते औषध नाही..."

"ठाऊक आहे! उरलेलं उकडलेल्या बटाट्यावर घालून खाल्लं. छान लागतं. आणखी करा."

"या नव्यात एकापुरतंच होतं," कंपाउंडर म्हणाले.

"मग जुना कुठाय?"

बाईंनी स्टूल धरलं, कंपाउंडर चढले. मला खाली घेतलं तेव्हा माझा जीव भांड्यात पडला. बाईंनी माझी धूळ पुसली, ताजे कांदे आणले आणि चिरायला बसल्या. मी सुरू झालो तसं त्यांनी कानांवर हात ठेवले. "केवढा ओरडतो हो हा!" पण बंद करा म्हणाल्या नाहीत.

मित्रांनो, मी तुम्हाला गोष्ट गोड करून सांगणार नाही. आठवड्यातून एकदा चार कांदे चिरले जातात. शिवणवाल्या बाई आपली बाटली घेऊन आपल्या घरी जातात आणि कंपाउंडर इथे, पण आता ताट घेऊन, बसून जेवतात. बाकीचे दिवस मी टॉवेलखाली असतो आणि घर शांत असतं. कंपाउंडरांच्या बायकोची जागा रिकामी आहे, ती रिकामीच राहणार. पायांची सूज मात्र उतरली आहे.

माझेही आता फार दिवस राहिलेले नाहीत. फिरताना खालून जळका वास येतो. दुरुस्तीवाला म्हणाला, याचा सुटा भाग आता मिळत नाही. मी बंद पडलो तर मला खुशाल भंगारात द्या, माझी तक्रार नाही. एवढंच मागणं आहे. शेजारच्या घरातून नेहमी येणारा आवाज एक दिवस आला नाही, तर बरं झालं म्हणून स्वस्थ बसू नका. बेल वाजवा. दार उघडणारा धडधाकट असेल, कपाळाला आठ्या घालून "काय काम आहे?" असंही विचारेल. तरी वाजवा.